न्यूयॉर्कच्या नाक्यावरचा वादक

आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत दर वर्षी एक ऐतिहासिक लेख असतो. आजवर जिजाऊसाहेब झाल्या, अहल्याबाई झाल्या, झाशीची राणी झाली. या वर्षी चिटणीसबाईंनी तो मान मला दिला, तेव्हा मी आधी नाहीच म्हटले. माझे शिक्षण सातवीपर्यंत, त्यातून इतिहास म्हटला की सनावळ्या आल्या. पण त्या म्हणाल्या, "परवा हळदीकुंकवाला तुम्ही त्या आंधळ्या वादकाची गोष्ट सांगत होता ना, तीच लिहा." म्हणून लिहिते आहे. हा माणूस राजा नव्हता की सेनापती नव्हता. जवळजवळ तीस वर्षे तो एका मोठ्या शहराच्या रस्त्यावर वाजवत उभा राहिला, एवढाच त्याचा पराक्रम. वाचून पाहा आणि उणेअधिक असेल ते गोड मानून घ्या.

ही गोष्ट माझ्यापर्यंत कशी आली ते आधी सांगते. माझी मुलगी कॉलेजात शिकते. एका दुपारी मी मटार सोलत होते आणि ती मोबाइलवर काही ऐकत होती. खाली एक बारीक ठेका सारखा चालला होता आणि वर सनईच्या जातीचे कुठलेसे वाद्य रडवेले होऊन गात होते. ते सॅक्सोफोन, हे मागून कळले. मी विचारले, "कोणाचे गं हे?" ती म्हणाली, "आई, हा न्यूयॉर्कच्या रस्त्यावर उभा राहून वाजवायचा. आंधळा होता."

माझा हात तिथेच थांबला. का थांबला, ते आपल्या वाडीतल्या जुन्या भगिनींना सांगायला नको. नव्यांसाठी लिहिते.

आपल्याकडे काही वर्षांपूर्वीपर्यंत दर गुरुवारी एक आंधळा ढोलकीवाला येत असे. पुढे त्याची बायको, तिच्या हातात काठीचे एक टोक, दुसरे टोक त्याच्या हातात, आणि गळ्यात ढोलकी. बाई गायची, तो वाजवायचा. त्याची बोटे अशी चालत की पोळ्या लाटता लाटता आपले लाटणे त्याच्या ठेक्यावर कधी फिरू लागले ते कळत नसे. आपण कोणी नाणे टाकत होतो, कोणी उरलेली भाजी-भाकरी देत होतो. मग माझ्या थोरल्याचे दहावीचे वर्ष आले. अभ्यासात व्यत्यय नको म्हणून 'वादक, फेरीवाले व भिक्षेकरी यांस मज्जाव' असा फलक लावण्याची टूम निघाली. खरे सांगायचे तर ती मीच काढली. चार मजले चढून सह्यासुद्धा मीच गोळा केल्या. फलक लागला. पुढच्या गुरुवारी ती दोघे आली, पहारेकऱ्याने फाटकातच अडवले. त्या बाईने पाणी मागितले, ते त्याने दिले. मी खिडकीतून पाहत होते. खाली गेले नाही. त्यानंतर ती दोघे आली नाहीत. दहावी झाली, मुलगा नोकरीला लागला, फलक अजून आहे.

तेव्हा मटाराचे ताट बाजूला ठेवून मी मुलीला म्हटले, या माणसाचे सगळे मला सांग. तिने ग्रंथालयातून त्याचे जाडजूड इंग्रजी चरित्र आणले. रात्री जेवणे आटोपली, ओटा धुऊन झाला की ती वाची आणि मराठीत सांगे, मी वहीत टिपून घेई. अशा दोन महिने आमच्या रात्री गेल्या.

त्याचे पाळण्यातले नाव लुई टॉमस हार्डिन. जन्म २६ मे १९१६, अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यात मेरिसव्हिल या गावी. वडील ख्रिस्ती धर्मोपदेशक. पुढे हे कुटुंब पश्चिमेकडे वायोमिंग राज्यात गेले. पाच वर्षांचा असताना त्याने पुठ्ठ्याच्या खोक्याचा ढोल करून बडवायला सुरुवात केली. आपल्याही घरोघरी पत्र्याचे डबे असेच फुटतात आणि आपण पाठीत धपाटा घालतो. या मुलाचे नशीब असे की वडील त्याला अरापाहो लोकांच्या सूर्यनृत्याला घेऊन गेले. अरापाहो म्हणजे गोरे लोक येण्याच्या आधीपासून त्या भूमीवर राहणारी एक जमात. त्यांचा म्होरक्या यलो काफ याने या पोराला मांडीवर घेतले आणि गव्याच्या कातड्याचा मोठा ढोल त्याला वाजवू दिला. त्या ढोलाचा ठेका त्याच्या अंगात शिरला तो कायमचा. म्हातारपणी मोठमोठ्या वाद्यवृंदांसाठी त्याने जे रचले, त्यातही खाली तो ढोल धिमा धिमा चालतच असतो.

शाळेत असताना तो मुलांच्या वाद्यपथकात ढोल वाजवत होता. आणि मग ४ जुलै १९३२ हा दिवस आला. तो अमेरिकेचा स्वातंत्र्यदिन. सुरुंगाचा बार उडवण्यासाठी डायनामाइटला लावतात ती टोपी त्याला कुठेशी सापडली. ती काय आहे हे न कळून तो हाताळत होता, तोच तिचा चेहऱ्यापाशी स्फोट झाला. वय वर्षे १६, दोन्ही डोळे गेले.

इथे त्याच्या बहिणीची गोष्ट येते. तिचे नाव रूथ. भाऊ अंथरुणावर, उशाशी बसून ही रोज त्याला पुस्तके वाचून दाखवी. त्यात जेसी फॉदरगिल या इंग्रज लेखिकेची 'द फर्स्ट व्हायोलिन' नावाची कादंबरी होती, वादकांच्या आयुष्यावरची. ती ऐकता ऐकता त्या मुलाने ठरवले की आपण संगीतकार व्हायचे. पुढे तो स्वतःच सांगत असे की मला संगीताकडे नेले ते या पुस्तकाने. म्हणजे लिहिणारी एक बाई, वाचणारी दुसरी बाई. रूथने काही मोठे केले असे तिला स्वतःलाही वाटले नसेल. घरात कोणी आजारी पडले की आपण जे करतो तेच तिने केले.

नंतर त्याला आयोवा राज्यातल्या व्हिंटन गावच्या अंधशाळेत घातले. तिथे तो व्हायोलिन, पियानो, ऑर्गन शिकला आणि ब्रेल लिपीत संगीत लिहायला शिकला. ब्रेल म्हणजे कागदावर उठवलेले ठिपके, बोटाने वाचायचे. संगीतही तसेच लिहिता येते, पण त्यात एक मोठी अडचण आहे. डोळस संगीतकार सगळ्या वाद्यांचे सूर एकाखाली एक मांडतो आणि एका नजरेत पाहतो. आंधळ्याला एका वेळी एकाच वाद्याची ओळ बोटाखाली येते, बाकीच्या ओळी डोक्यात ठेवाव्या लागतात. विणकामाचा नमुना लिहिताना आपण 'दोन सुलट, एक उलट' असे ओळीओळीने लिहितो आणि पुरा स्वेटर मनात पाहतो, तसेच हे. फरक एवढा की याचा स्वेटर कधीकधी चाळीस-पन्नास जणांनी मिळून विणायचा असे. शिवाय ते ठिपके डोळस वादकांना वाचता येत नाहीत. त्यामुळे कोणीतरी शेजारी बसून, याने एकेक सूर सांगायचा आणि त्याने नेहमीच्या स्वरलिपीत उतरवायचा. त्याला वेळ लागतो, पैसा लागतो. ही गोष्ट लक्षात ठेवा, ती पुढे महत्त्वाची आहे.

१९४३ साली, वय २७, हा एकटा न्यूयॉर्कला आला. तिथे कार्नेगी हॉल नावाचे प्रसिद्ध सभागृह आहे. हा मागच्या दाराशी जाऊन उभा राही. शहराच्या मोठ्या वाद्यवृंदाचे प्रमुख आर्थर रॉजिन्स्की यांनी त्याला तालमींना आत बसू दिले. फुकटात असे शिक्षण त्याला मिळाले. पण तो आपले कपडे आपणच शिवी, चौकोनी तुकडे जोडून, वर अंगरखा, लांब दाढी. तो वेश तिथल्या मंडळींना खटकू लागला आणि ते येणेजाणे थांबले. मग त्याने रस्ता धरला.

रस्ता म्हणजे सहावा अ‍ॅव्हेन्यू. न्यूयॉर्कात रस्त्यांना नावांऐवजी आकडे आहेत. उभे मोठे रस्ते ते अ‍ॅव्हेन्यू आणि त्यांना छेदणाऱ्या आडव्या गल्ल्या. सहावा अ‍ॅव्हेन्यू आणि चोपन्नावी गल्ली मिळतात तो नाका आणि त्याच्या आजूबाजूचा फूटपाथ ही त्याची जागा. भोवती उंच कचेऱ्या, मोठी हॉटेले, मोटारी, गर्दी. तिथे हा बसून वाजवी.

त्याचे वाद्यही त्याने स्वतःच काढलेले. नाव ट्रिम्बा. तीन कोनांची लाकडी पेटी, तिच्या तोंडावर कातडे, जोडीला एक झांज. एका हातात खुळखुळा आणि दुसऱ्या हातात लाकडी काठी घेऊन तो वाजवायचा. पाश्चात्त्य रस्त्यावरचे गाणे बहुतेक चार मात्रांत चालते. याला ते आवडत नसे. हा पाच मात्रांत आणि सात मात्रांत वाजवी. तिथल्या लोकांना ते सापासारखे वळवळते वाटे आणि त्यानेही त्याला सापाचा काळ असेच नाव दिले होते. आपल्याला मात्र त्यात नवल नाही. रूपकाच्या ७ मात्रा आपल्याकडे भजनातही येतात. मुलीने ऐकवले तेव्हा मी ओट्यावर बोटांनी मोजून पाहिले, बरोबर ७.

दुसरी त्याची आवड म्हणजे एकच चाल अनेकांनी, पण एकामागून एक सुरू करायची. पहिला पुढे गेला की दुसऱ्याने तीच ओळ धरायची, मग तिसऱ्याने. आपल्या गणपतीच्या आरतीला पुढची रांग एक ओळ पुढे असते आणि मागची रांग मागून येते, तसे. आपले होते ते चुकून आणि त्याचा गोंधळ होतो. याचे ठरवून आणि मोजून केलेले, कुठे सूर सुराला आदळत नाही. अशी शेकडो गाणी त्याने रचली, रस्त्यावर बसून, मांडीवर ब्रेलची पाटी ठेवून.

आता त्याच्या नावाविषयी. १९४७ पासून तो स्वतःला मूनडॉग म्हणवू लागला. मून म्हणजे चंद्र, डॉग म्हणजे कुत्रा. लहानपणी त्याच्या घरी एक कुत्रा होता, तो चंद्राकडे तोंड करून सारखा ओरडत असे. त्याची आठवण म्हणून हे नाव. आपल्याला हसू येईल, पण या नावासाठी तो पुढे न्यायालयात गेला.

त्याचे असे झाले. १९५० च्या आसपास त्याच्या वाजवण्याच्या काही तबकड्या निघाल्या. क्लीव्हलँड शहरात अ‍ॅलन फ्रीड नावाचे नभोवाणीवर गाणी लावणारे एक गृहस्थ होते. त्यांनी यातली एक तबकडी आपल्या कार्यक्रमाच्या सुरुवातीला लावायला घेतली आणि मूनडॉग हे नावही स्वतःला घेतले. त्यांचा कार्यक्रम फार लोकप्रिय झाला. १९५४ साली ते न्यूयॉर्कच्या नभोवाणीवर आले आणि त्याच शहरात दोन मूनडॉग झाले. एक नभोवाणीवरचा नामांकित आणि एक फूटपाथवरचा आंधळा. आंधळ्याने दावा लावला. लोकांनी खुळ्यात काढले असेल. पण न्यायाधीशांनी त्याच्या बाजूने निकाल दिला आणि फ्रीड यांना ते नाव सोडावे लागले. त्यांनी मग कार्यक्रमाचे नाव बदलून त्यात रॉक अँड रोल हे शब्द घातले आणि त्या प्रकारच्या संगीताला ते नाव पक्के होण्यात या बदलाचाही वाटा आहे.

ही हकिकत मुलीने सांगितली त्या रात्री मी वही मिटून बसले. रस्त्यावर वाजवणाऱ्यालाही नाव असते, आणि ते त्याचे असते, हे त्या न्यायाधीशांना पटले. आमच्या ढोलकीवाल्याचे नाव काय होते? दहा वर्षे तो दर गुरुवारी आला आणि मी त्याला 'अहो ढोलकीवाले' यापलीकडे काही म्हटले नाही.

असो. पुढचे सांगते. १९५२ मध्ये त्याने सुझुको नावाच्या तरुणीशी लग्न केले. १९५३ मध्ये त्यांना मुलगी झाली, तिचे नाव जून. १९५६ साली निघालेल्या त्याच्या तबकडीत एक अंगाईगीत आहे. आपल्या तान्ह्या मुलीसाठी सुझुको ते जपानी भाषेत गाते आणि त्याच्याखाली बापाचा ठेका चालतो. भाषा कळत नाही तरी ऐकताना हात आपोआप पाळण्याच्या दोरीकडे जातो. पुढे हे लग्न टिकले नाही. बाप रस्त्यावर वाजवणारा, मिळकतीचा भरवसा नाही, घरात लेकरू. सुझुकोने काय सोसले असेल ते संसार करणाऱ्या बाईला वेगळे सांगायला नको. वादक कितीही मोठा असला तरी ही बाजू झाकून ठेवू नये असे मला वाटते.

१९५६ आणि १९५७ या दोन वर्षांत त्याच्या तीन तबकड्या निघाल्या. त्यांतल्या तिसरीच्या वेष्टनावर वळणदार, जरा जुन्या पद्धतीच्या हाताने लिहिलेला मजकूर आहे. ते अक्षर पुढे जगप्रसिद्ध झालेला चित्रकार अँडी वॉरहॉल याच्या आईचे, ज्युलिया वॉरहोला यांचे. परदेशातून आलेली म्हातारी बाई, मुलाच्या घरी राहून त्याच्या चित्रांवर अक्षरे काढून द्यायची. त्याच १९५७ साली ज्युली अँड्र्यूज या गायिकेने त्याची बालगीते गायिली. 'साउंड ऑफ म्युझिक' चित्रपटातली ती गाणारी बाई आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिली असेल.

एवढे सगळे झाले, तरी तो होता नाक्यावरच. तबकड्यांचे पैसे पुरत नसत. तो आपल्या कविता छापून विकी, गाण्यांचे छापील कागद विकी, समोर नाणी पडत ती घेई. लोक त्याला भिकारी समजत. लांब दाढी आणि अंगरखा पाहून काही जण येशू ख्रिस्तासारखा दिसतोस म्हणू लागले. ते त्याला रुचेना, म्हणून त्याने उत्तर युरोपातल्या प्राचीन दर्यावर्दी वीरांचा, व्हायकिंगांचा वेश घेतला. डोक्यावर शिंगांचे शिरस्त्राण, हातात उंच भाला, पाठीवर झगा. मग तो 'सहाव्या अ‍ॅव्हेन्यूचा व्हायकिंग' झाला. पुष्कळदा तो न वाजवता तासन्‌तास नुसता उभा असे. कचेरीत जाणाऱ्या हजारो लोकांनी त्याला रोज पाहिले, वर्षानुवर्षे पाहिले, आणि त्यांतल्या कितीतरी जणांना हा संगीतकार आहे याचा पत्ताच नव्हता. बघे पुष्कळ, ओळखणारे थोडे.

पण ओळखणारे जे थोडे होते ते मोलाचे होते. चार्ली पार्कर नावाचा सॅक्सोफोनचा फार मोठा वादक, लोक त्याला 'बर्ड' म्हणजे पक्षी म्हणत. तो नाक्यावर थांबून याच्याशी बोलत असे. १९५५ साली पार्कर तरुणपणीच वारला. त्याच्यासाठी याने एक लहानसा विलाप रचला. मटार सोलताना मी ऐकले ते हेच. दोन मिनिटांचेही नाही, पण ऐकले की घरातले माणूस गेल्यासारखे वाटते. फिलिप ग्लास नावाच्या तरुण संगीतकाराने त्याला सुमारे वर्षभर आपल्या घरी जागा दिली. हे ग्लास आपल्या पंडित रविशंकरांबरोबर काम केलेले आणि पुढे फार नावाजलेले. १९६९ मध्ये एका मोठ्या कंपनीने मोठा वाद्यवृंद देऊन मूनडॉगची तबकडी काढली, १९७१ मध्ये दुसरी काढली. वर्तमानपत्रांत लिहून आले. त्यानंतरही तो आपला नाक्यावर.

१९७४ मध्ये त्याला जर्मनीतून, फ्रँकफुर्टहून, कार्यक्रमाचे बोलावणे आले. तो गेला आणि परतलाच नाही. जर्मनी म्हणजे बाखचा देश आणि बाख म्हणजे त्याचे दैवत. तिथेच राहायचे त्याने ठरवले. पण जवळ पैसा नाही, माणूस नाही. तिथेही तो रस्त्यावर उभा राहू लागला, तेच शिरस्त्राण, तोच भाला. इकडे न्यूयॉर्कात नाका रिकामा दिसू लागला, तसे पुष्कळांनी धरले की तो वारला.

भगिनींनो, आता जे लिहिते ते आपल्या मंडळासाठी विशेष. रेक्लिंगहाउझेन नावाच्या गावात तो उभा असताना इलोना गोबेल नावाच्या मुलीने त्याला पाहिले. ती विशीतली, भूगर्भशास्त्र शिकत होती. तिने त्याची तबकडी ऐकली आणि तिला खरे वाटेना, की असे संगीत रचणारा माणूस थंडीत रस्त्यावर उभा राहतो. तिच्या धाकट्या भावाच्या मनात आले की नाताळात याला आपल्या घरी बोलवावे. बोलावले. तो आला, आणि पाहुणा म्हणून आलेला माणूस त्या घरचाच झाला. साठीला आलेल्या, आंधळ्या, शिंगे लावून फिरणाऱ्या परक्या माणसाला घरात घेणे म्हणजे काय, याचा विचार करा. शेजारी काय म्हणतील, हा प्रश्न जर्मनीतही असणारच.

इलोनाने नुसते जेवूखाऊ घातले नाही. मघाशी मी ब्रेलच्या ठिपक्यांची अडचण सांगितली, ती या मुलीने आपल्या अंगावर घेतली. त्याने रचायचे आणि तिने ते सूर न्‌ सूर नेहमीच्या स्वरलिपीत उतरवायचे. वर्षानुवर्षांचे साठलेले कागद, नवे कागद, शेकडो रचना. त्या छापण्याची व्यवस्था तिने केली, कार्यक्रम ठरवले, पत्रव्यवहार सांभाळला. आणि बाहेर जायचे तर साधे कपडे घालून जा, असे सांगून ते शिरस्त्राणही तिने उतरवले. इतकी वर्षे जे कोणाला जमले नव्हते ते तिने जमवले. त्याची पुढली वीस-बावीस वर्षे स्वस्थपणे गेली आणि त्याने उतारवयात जेवढे काम केले तेवढे तरुणपणी केले नव्हते.

१९८९ साली न्यूयॉर्कने त्याला पुन्हा बोलावले. ब्रुकलिनमध्ये त्याच्या रचनांचा कार्यक्रम झाला. वाद्यवृंदाचा प्रमुख मधोमध उंच जागी, हातात छडी घेऊन उभा राहतो, तशी तिकडची रीत. हा मात्र एका बाजूला बसला आणि ढोलावर ठेका देऊन त्याने सगळ्यांना चालवले. यलो काफच्या मांडीवर बसून पोराने जे केले होते, तेच त्याने ७३ व्या वर्षी केले. कार्यक्रम झाला आणि तो आपल्या जर्मनीतल्या घरी परत गेला.

८ सप्टेंबर १९९९ रोजी म्युन्स्टर या शहरात तो वारला. वय ८३. तिथल्याच स्मशानभूमीत त्याची समाधी आहे आणि तिच्यावर त्याचा चेहरा घडवलेला आहे. इलोनाही २०११ मध्ये गेली. तिने उतरवलेले कागद आहेत, म्हणून आज जगात कुठेही कोणी ते संगीत वाजवू शकतो, आणि म्हणून ते माझ्या स्वयंपाकघरापर्यंत आले.

हा इतिहास लिहिताना मला एकच गोष्ट पुन्हा पुन्हा दिसली. रस्त्यावरचा कलावंत आपल्या गुणाने मोठा असतो, त्यात शंका नाही. पण तो नाक्यावरच विरून जायचा की मागे उरायचा, हे कोणाच्या तरी हातात असते. कोणी वाचून दाखवले, कोणी नाव विचारले, कोणी दार उघडले, कोणी लिहून ठेवले. आणि ही कामे मोठ्या शिक्षणाची नाहीत. त्यांतली निम्मी तर मला, सातवी शिकलेल्या बाईलाही करता आली असती. मी मात्र सह्या गोळा केल्या.

गेल्या वर्धापनदिनाच्या आधी मला वाटले, त्या ढोलकीवाल्याला मंडळाच्या कार्यक्रमाला मानाने बोलवावे, मानधन द्यावे, खुर्चीवर बसवावे. मी चौकशी केली. भाजीवाल्या मावशींना विचारले, स्टेशनबाहेरच्या फुलवाल्याला विचारले. "तो होय, आंधळा? पूर्वी दिसायचा," एवढेच सगळे म्हणाले. नाव कोणालाच ठाऊक नाही. नावाशिवाय माणूस शोधायचा कसा? तो आणि त्याची बायको कुठे असतील, कशी असतील, हे विचारायला आता मला जागा नाही.

म्हणून मंडळापुढे माझ्या दोन सूचना आहेत. पहिली, तो फलक काढण्याविषयी आपल्या वाडीच्या कमिटीला मंडळाने अर्ज द्यावा. परीक्षेच्या दिवसांत वाजवू नका असे तोंडाने सांगितले तरी ही माणसे ऐकतात. त्या अर्जासाठी चार मजले चढून सह्या गोळा करायला मी तयार आहे, गुडघे दुखत असले तरी. दुसरी, दारावर पहाटे येणारा वासुदेव असो, पोतराज असो, नंदीबैलवाला असो की ढोलकी-पेटीवाला असो, त्याला काही देण्याआधी त्याचे नाव, गाव आणि तो काय वाजवतो हे विचारावे आणि लिहून ठेवावे. त्यासाठी मी शंभर पानी वही आणून मंडळाच्या कपाटात, हिशेबाच्या पुस्तकांशेजारी ठेवली आहे. तीत आतापर्यंत तीन नावे लिहिली गेली आहेत.

त्या गुरुवारच्या ढोलकीवाल्याचे नाव कोणा भगिनीला ठाऊक असेल, किंवा कुठे कानावर आले, तर कृपा करून तेही त्या वहीत लिहावे आणि मला निरोप पाठवावा. माझी खोली तिसऱ्या मजल्यावर, जिन्याशेजारची.